पाच इयत्तांचा ठराव

आमच्या बिद्दालोंगा गावात शाळा तिसरीपर्यंतच होती. तिसरी झाली की मुलगा मेंढ्यांमागे डोंगरावर जायचा आणि मुलगी मागावर बसायची. चौथी-पाचवी हवी तर मोठ्या गावी राहायला हवं. ते जमायचं फक्त डॉन लोकांच्या मुलांना, म्हणजे ज्यांच्या नावावर अर्धा डोंगर होता त्यांच्या मुलांना. हे असंच चालायचं असं सगळे धरून चालले होते. तोमासिया देरिउ बाई तेवढ्या धरून चालल्या नाहीत.

मी मल्लेना सान्ना. गावच्या पोस्टात चाळीस वर्षं बसले. बाईंची सगळी पत्रं माझ्या हातून गेली आणि माझ्याच हातून आली, म्हणून पुष्कळ गोष्टी मला ठाऊक आहेत. बाकीच्या मी डोळ्यांनी पाहिल्या.

बाईंचे वडील बोबोरे देरिउ खोगिरं शिवायचे आणि सणाच्या दिवशी मंचावर चढून काव्याचे सामने गाजवायचे. आमच्याकडे दोन कवी समोरासमोर उभे राहतात, चिठ्ठी टाकून दोघांना दोन विषय देतात, आणि मग जागच्या जागी रचून गायचं. आठ ओळींचं एक कडवं. सहा ओळींत यमकं आलटून पालटून गुंफायची आणि शेवटच्या दोन ओळींत समोरच्याला आडवा करायचा. एकाचं कडवं संपलं की मागचे तिघे सूर धरतात, तेवढ्या वेळात दुसऱ्यानं उत्तर तयार ठेवायचं. अडखळला तो हरला.

तोमासिया नऊ वर्षांची असताना एका सणाला बोबोरेकाका जिंकून घरी आले. सगळे जेवायला बसले होते. कडक पातळ भाकरी, चीज, वाइनचा तांब्या. ही पोरगी म्हणाली, "बाबा, तिसऱ्या कडव्यात सहाव्या ओळीला तुम्ही दुसऱ्या ओळीचाच शब्द परत वापरलात."

काका घास हातात धरून थांबले. मनातल्या मनात कडवं म्हणून पाहिलं. मग हसत सुटले. "कुणाच्याच लक्षात आलं नाही गं! त्या हरलेल्याच्याही नाही!" आणि थोड्या वेळानं हळूच म्हणाले, "मुलगा असतीस तर मंचावर नेलं असतं तुला."

"मी मुलगा नाही म्हणून तुमची ओळ बरोबर होते का?"

 त्या दिवसापासून खोगिराला टाके घालता घालता ते ओळ टाकायचे आणि मुलगी ती उचलायची. बायका मंचावर चढत नसत. दुकानात चढायला मंच लागत नव्हता.

पुढे नुओरो शहरात मामाकडे राहून तोमासिया शिक्षिकेची परीक्षा पास झाली आणि विसाव्या वर्षी आमच्याच गावात बाई म्हणून रुजू झाली. आता मलाही त्यांना 'त्या' म्हणायला हवं, कारण मी त्यांच्या दुसऱ्या तुकडीतली. आम्ही शाळेत आलो तेव्हा कुणालाच धड इटालियन येत नव्हतं. घरी सगळं सार्डिनियन, आमच्या बेटाची बोली. पुस्तक इटालियन, बाईंनी बोलायचं इटालियन, आणि आम्ही बसलेलो दगडासारखे. एक आठवडा बाईंनी पाहिलं. मग पुस्तक मिटलं आणि पाढे आमच्या बोलीत रचून गायला लावले. सातच्या पाढ्यात सात बहिणी होत्या, आठच्या पाढ्यात एक हट्टी गाढव. तो पाढा येऊ लागला की मग तेच इटालियनमध्ये. नाताळापर्यंत आम्ही दोन्ही भाषांत भांडायला लागलो होतो.

हे चौदा वर्षं चाललं. मग काळ्या शर्टांच्या, म्हणजे फॅसिस्टांच्या राज्यात शाळेत बोलीला बंदी आली आणि एक तपासनीस आला. त्यानं पहिल्या बाकावरच्या पोराला विचारलं, "आठ सत्ते?" पोरानं उभं राहून हट्टी गाढव सुरातालात म्हणून दाखवलं आणि शेवटी "छप्पन्न" म्हणाला.

"ही कुठली भाषा?" साहेबांनी विचारलं.

"घरातली," पोरगं म्हणालं.

"उत्तर बरोबर आहे साहेब," बाई म्हणाल्या.

"उत्तराचं मी विचारलंच नाही."

महिन्याभरात बदलीचा कागद आला. तो मीच त्यांच्या हातात दिला, पोस्टात लागून मला तीनच महिने झाले होते. दूर किनाऱ्यावर, मिठागरांच्या एका वस्तीत त्यांना टाकलं. बोबोरेकाका आजारी होते, त्यांच्या मागे दुसरं कुणी नव्हतं. बाई विनंत्या करत राहिल्या, उत्तर येत नव्हतं. काका गेले तेव्हा बाई पोचल्या त्या मातीनंतर दुसऱ्या दिवशी. तोवर मी त्यांना कधी रडताना पाहिलं नव्हतं, त्या दिवशीही नाही. दुकानात गेल्या, अर्धवट शिवलेलं खोगीर होतं ते मांडीवर घेऊन बसल्या आणि उरलेले टाके घालून पुरं केलं.

त्याच सुमाराला काव्याच्या सामन्यांवरही बंदी आली. कोण मंचावर उभा राहून काय बोलेल याचा नेम नव्हता, म्हणून. नऊ वर्षं बाई तिकडे राहिल्या. मिठागरातल्या बायकांना रविवारी लिहायला शिकवलं, कविता लिहिल्या, त्यातल्या चाळीस निवडून एक पातळ पुस्तक छापलं. त्याची एक प्रत मला पोस्टानं आली. मी ती काउंटरखाली ठेवून वाचायची, गिऱ्हाईक खोळंबायचं.

एकोणीसशे त्रेचाळीस साली काळ्या शर्टांचं राज्य गेलं आणि त्या परत आल्या. केस पांढरे झाले होते, आवाज तोच. सोमवारी शाळेत गेल्या आणि सातच्या पाढ्यापासून सुरुवात केली.

सेहेचाळीसला गावच्या कौन्सिलच्या निवडणुका जाहीर झाल्या, आणि बायकांना पहिल्यांदाच मत मिळालं. धुण्याच्या टाक्यावर दुसरा विषय नव्हता. तिथेच एका शनिवारी बायकांनी बाईंना घेरलं.

"बाई, तुम्ही उभ्या राहा."

"मी? मला राजकारणातलं काय कळतं?"

"तिसरीच्या वर्गात साठ पोरं सांभाळता की," माझी आई म्हणाली. "कौन्सिलात पंधराच असतात. आणि पेन्सिलीनं एकमेकांना टोचत नाहीत."

बाई उभ्या राहिल्या. मेंढपाळ, विणकरी बायका, गवंडी अशा उमेदवारांची एक यादी झाली आणि तिच्यावर पहिलं नाव तोमासिया देरिउ. मागणी एकच: गावात चौथी आणि पाचवी.

समोरच्या यादीवर झुआन्ने पिसु. तेलाच्या घाण्याचे मालक, डॉन लोकांच्या उठण्याबसण्यातले, आणि आमच्या भागातला सगळ्यात मोठा आशुकवी. माणूस वाईट नव्हता, पण जीभ अशी की ऐकणाऱ्याला चटका बसावा. चौकात उभे राहून म्हणायचे, "पोरं पाचवीपर्यंत बाकावर बसली तर मेंढ्या कोण राखणार? बाईंच्या कविता?" लोक हसायचे. त्यात मेंढपाळही हसायचे, ही खरी अडचण होती. त्यांच्या मनात एक शंका होती: बाईंना मेंढ्या म्हणजे कमीपणाचं काम वाटतं.

मतदानाच्या पंधरा दिवस आधी आमचा संत कोझमा आणि संत दामियानचा सण होता. बंदी उठली होती, कितीतरी वर्षांनी सामना होणार होता. एका बाजूला झुआन्नेकाका, दुसऱ्या बाजूला शेजारच्या खोऱ्यातला एक नावाजलेला कवी. दुपारी चार वाजता चौक असा भरला की चर्चच्या पायऱ्यांवर बूट ठेवायला जागा नव्हती. लोकांनी घरून खुर्च्या आणल्या होत्या. आणि तेव्हा तार आली. ती घेऊन मीच धावत गेले. पाहुण्या कवीच्या लॉरीचा आस मोडला होता, तो येत नव्हता.

पंच मंडळी एकमेकांची तोंडं बघायला लागली. पाद्री विसेंतु डोकं धरून बसले. गर्दीतून शिट्ट्या सुरू झाल्या. मग मागून कुणीतरी ओरडलं, "बाईंना चढवा!"

आधी हशा पिकला. मग दुसरीकडून, "चढवा की! बोबोरेची पोरगी आहे ती!" मग धुण्याच्या टाक्यावरच्या सगळ्या बायका एका सुरात.

झुआन्नेकाका मंचावरून म्हणाले, "मी बाईमाणसाशी सामना केला तर उद्या घरच्या झाडूशीही करावा लागेल."

बाई पहिल्या रांगेत होत्या. उठल्या, खांद्यावरची शाल नीट केली आणि म्हणाल्या, "झाडूला घाबरता का झुआन्नेकाका? कचऱ्यानं घाबरावं."

चौक हशानं दणाणला. आता माघार घेणं काकांना शक्यच नव्हतं. त्यांनी हसून हात पुढे केला आणि बाईंना फळ्यांच्या मंचावर चढवून घेतलं.

पाद्रींनी टोपीत दोन चिठ्ठ्या टाकल्या. त्यांनी त्या चार दिवस आधी लिहिल्या होत्या, दुसऱ्याच जोडीसाठी. एकीवर होतं 'मेंढी', दुसरीवर 'पाटी'. विषय वाचून दाखवल्यावर लोकांना वाटलं की आता गंमत आहे: बाई पाटीसाठी गाणार, काका मेंढीसाठी. चिठ्ठ्या उचलल्या. पाद्रींनी चष्मा पुसला, परत वाचलं आणि जाहीर केलं, "मेंढी, तोमासिया देरिउ. पाटी, झुआन्ने पिसु."

 लोक इतके हसले की घंटाघरावरची कबुतरं उडाली. विषय बदलता येत नाही, तो नियम बोबोरेकाकांच्या आजोबांच्याही आधीचा.

मी मंचाच्या अगदी खाली उभी होते. बाईंनी शाल दोन्ही हातांनी घट्ट ओढून घेतली. त्यांना वाटलं असणार की पंधरा दिवसांवर मतदान आणि आता सगळ्या गावासमोर शाळेविरुद्ध बोलायचं. पण खोटं गाणं त्यांना जमणारं नव्हतं, आणि कच्चं गाणं तर नव्हतंच. पहिलं कडवं चाचपडत गेलं. दुसरं बरं. तिसऱ्याला त्या बोबोरेकाकांसारख्या एक पाय पुढे टाकून उभ्या राहिल्या:

हिच्या लोकरीत गुंडाळलं मला जन्मताच माझ्या दाईनं,
हिच्या दुधावर पोसले सगळे, साधू असो की चोर;
थंडीत हिचं कोकरू जपलं चुलीशी माझ्या आईनं,
वणव्यातून हिला काढत भाजलं कुण्या घरचं पोर;
पुस्तकात हिला एक ओळ दिली लिहिणाऱ्यानं घाईनं,
नकाशा नव्हता, वाट हिनेच आखली डोंगरासमोर;
शिकल्या-सवरल्या लोकांनो, कोट चाचपून सांगा खरं,
मेंढी नसती तर आज इथे उघडं कोण बसलं असतं बरं?

सगळ्यांच्या नजरा पहिल्या रांगेतल्या डॉन मंडळींच्या कोटांकडे गेल्या. मागे उभ्या मेंढपाळांनी टोप्या हवेत उडवल्या. बास्तियानु नावाचा एक मेंढपाळ होता, लहानपणी वणव्यात मेंढी काढताना ज्याचा हात भाजला होता. तो तसाच उभा राहिला, दुसऱ्या हातानं तो हात धरून.

आता झुआन्नेकाकांचा चेहरा बदलला. निवडणूक ते विसरले. समोर त्यांच्या तोडीचं कुणीतरी उभं होतं आणि त्यांना हरायचं नव्हतं. सूर धरणाऱ्यांनी जरा लांबवलं. काकांनी डोळे मिटले, आणि उघडले तेव्हा थट्टेचा आवाज गेला होता. पाटीसाठी त्यांनी जे कडवं गायलं त्याच्या शेवटच्या चार ओळी अख्ख्या गावाला आजही पाठ आहेत:

आजोबांनी अंगठा दिला, म्हणाले कागद मोजणीचा,
वाचणारा घरात असता तर कळला असता विक्रीचा.
तीन नव्हे, पाच इयत्ता! सांगतो संतांच्या दारी,
वाचणाऱ्याच्या अंगठ्याची कुणी करत नाही चोरी.

त्यांच्या आजोबांचं कुरण असं गेलं होतं, हे जुन्यांना माहीत होतं. पण काका ते कधी बोलले नव्हते. चौकात म्हातारी माणसं डोळे पुसत होती. पंचांनी सामना बरोबरीत सोडवला. खाली उतरताना बाई काकांना म्हणाल्या, "सुंदर गायलात." काका म्हणाले, "तुम्हीही," आणि पायरीवरच थबकले. आपण काय गाऊन बसलो, ते त्यांच्या तेव्हा ध्यानात आलं.

मतदानात बाईंची यादी पंधरापैकी आठ जागांवर निवडून आली. कौन्सिलानं बाईंना गावच्या प्रमुखपदी बसवलं. माझी आई मत टाकून आली ती बोटाला लागलेली शाई तीन दिवस धुवायला तयार नव्हती.

पण ठराव मंजूर होणं सोपं नव्हतं. बाईंच्या आठांपैकी दोघे मेंढपाळ होते, त्यातला एक बास्तियानु. सभेच्या आदल्या दिवशी दोघे पोस्टापुढे बाईंना भेटले.

"बाई, चौथी-पाचवीला आमचा हात वर होणार नाही."

"अरे, तुम्ही माझ्याच यादीवर निवडून आलात ना?"

"लोकांनी मत दिलं ते मेंढीला," बास्तियानु म्हणाला. तो मस्करी करत नव्हता. "माझा पोरगा दोन वर्षं बाकावर बसला तर डोंगरावर मी एकटा."

बाईंनी त्याच्याशी वाद घातला नाही. "वेळेचं बघू," एवढंच म्हणाल्या. "दूध काढून झाल्यावर शाळा भरली तर?" तो खांदे उडवून गेला. आता बाईंकडे सहा हात होते, आठ हवे होते.

सभेच्या दिवशी दार आणि दोन्ही खिडक्या माणसांनी भरल्या. मी आत होते, कारण सभेचं टिपण लिहायला अक्षर बरं असलेलं माणूस हवं होतं. झुआन्नेकाका विरोधी बाकावर हाताची घडी घालून बसले होते. त्यांच्या बाजूचे तिघे कायम त्यांच्या हाताकडे बघून हात वर करायचे.

बाई म्हणाल्या, "मल्लेना, पहिला ठराव वाच."

कागद त्यांनी मला तेव्हाच दिला होता, मीही आधी पाहिला नव्हता. मी उभी राहिले आणि वाचायला लागले. "आजोबांनी अंगठा दिला, म्हणाले कागद मोजणीचा..." दुसरी ओळ मी वाचेपर्यंत खिडकीतले लोक माझ्याबरोबर म्हणायला लागले होते. चौथ्या ओळीला दारातलेही. खाली एकच वाक्य होतं: 'सबब या गावात चौथी व पाचवी इयत्ता सुरू करण्यात यावी.'

"हा काय पोरखेळ?" डॉन मंडळींपैकी एकजण उसळले. "ठराव कवितेत?"

"ठराव मी लिहिलेला नाही," बाई म्हणाल्या. "झुआन्नेकाकांनी लिहिलाय. संतांच्या दारी, हजार माणसांसमोर. काका, यात काही बदल सुचवायचा आहे का?"

झुआन्ने पिसु उठले. कागद माझ्या हातातून घेतला. चष्मा नव्हता म्हणून लांब धरून सावकाश वाचला. 

"एक चूक आहे," ते म्हणाले. कुणीतरी उसासा टाकला. "तिसऱ्या ओळीत 'इयत्ता'च्या पुढे उद्गारचिन्ह हवं. मी ओरडून म्हटलं होतं."

माझ्या टाकातली शाई वाळली होती. मी तो परत बुडवून चिन्ह काढलं. काका तिथेच उभे राहिले, खाली बसलेच नाहीत, आणि हात वर केला. मग त्यांच्या मागचे तीन हात. मग बाईंचे सहा. बास्तियानुनं सगळीकडे पाहिलं आणि म्हणाला, "दूध काढून झाल्यावर, म्हणालात ना?" आणि भाजलेला हात वर केला.

वर्गाला जागा नव्हती, तीही काकांनीच दिली, घाण्याच्या माडीवर. "वास येईल," म्हणाले. आला. आमच्या गावच्या चौथी-पाचवीच्या वह्यांना बरीच वर्षं ऑलिव्हच्या तेलाचा वास होता. वरून शिक्षक मिळेना. जिल्ह्याला मी एका वर्षात एकोणीस पत्रं रवाना केली, तोवर बाईच सकाळी शिकवायच्या आणि दुपारी कौन्सिलात बसायच्या. शाळा नऊला भरायची, दूध काढून झाल्यावर.

एकोणपन्नासच्या जूनमध्ये पाचवीची पहिली सात मुलं परीक्षेला मोठ्या गावी गेली. झुआन्नेकाकांच्या तेलाच्या लॉरीत मागे बसवून नेली, डब्यांच्या मध्ये. तीन मुली, चार मुलगे. डॉन लोकांची मुलं इस्त्रीच्या कपड्यांत, आमची तेलाचे डाग पडलेली. तोंडी परीक्षेत एका साहेबांनी बास्तियानुच्या पोराला विचारलं, "डोंगरावरून आलास, मेंढ्या सोडून?"

पोरगं स्वच्छ इटालियनमध्ये म्हणालं, "सोडून नाही साहेब. दूध काढून."

सातपैकी सहा पास झाली, उरलेली एक ऑक्टोबरच्या फेरपरीक्षेत झाली. निकाल घेऊन लॉरी गावात शिरली तेव्हा काका भोंगा वाजवतच होते, तो थांबवेनात. बास्तियानु डोंगरावरून धावत आला. पोराच्या हातातला कागद त्यानं उलटा धरला, मग पोरानं तो सुलटा केला. बास्तियानु म्हणाला, "वाच. सगळं वाच. शिक्क्यातलंसुद्धा." पोरानं वाचलं, शिक्क्यातलंही, आणि बाप प्रत्येक शब्दाला मान हलवत राहिला. बाई लॉरीच्या फळीला टेकून उभ्या होत्या. त्या दिवशी मात्र त्या रडल्या, लपवलंही नाही. काकांनी खिशातून रुमाल काढून दिला, तोही तेलकट.

बाई तीनदा निवडून आल्या. पाणी आलं, दवाखाना आला, त्याचं श्रेय घेणारे पुष्कळ होते. चौसष्ट साली, त्या निवृत्त व्हायच्या आधी, पोस्टात एक लिफाफा आला. पलीकडच्या खोऱ्यातल्या एका गावच्या सणाचं आमंत्रण. वर्षानुवर्षं त्यांना 'शिक्षिका' किंवा 'प्रमुख' म्हणून पत्रं यायची. यावर छापलं होतं, 'कवी तोमासिया देरिउ'. आत छापील भित्तिपत्रक होतं. वर चार कवींची नावं, त्यात त्यांचं दुसरं.

त्यांनी ते काउंटरवर पसरलं, उभ्याउभ्या वाचलं, परत वाचलं. मग म्हणाल्या, "मल्लेना, तार कर. एकच शब्द. येते."

शनिवारी दुपारी आम्ही बसभर माणसं त्यांच्याबरोबर गेलो, झुआन्नेकाका काठी टेकत पुढच्या सीटवर. बाई पाच तास गायल्या. विषय काय होते ते मला आता नीट आठवत नाही. कडव्याच्या शेवटी लोक उभे राहत होते तेवढं आठवतं. सोमवारी शाळेत त्यांचा आवाज पूर्ण बसला होता. त्या कुजबुजत शिकवायला लागल्या, आणि पोरांना काय वाटलं कोण जाणे, तीही कुजबुजतच उत्तरं द्यायला लागली. माझ्या खिडकीतून पलीकडे तो वर्ग दिसायचा. तीस पोरं ओठ हलवत अगदी हळू आवाजात सातच्या पाढ्यातल्या सात बहिणी म्हणत होती, आणि बाई हातानं ठेका धरून हसत होत्या.